बेलाचं पान

"याचा मधला एक दात पडलाय रे," आई फोनवर म्हणाली. "ओढाताणीत पडला असणार. तरी मी सांगत होते, हळू काढा."

२०२४चा ऑगस्ट संपत आला होता. बडोद्याची विश्वामित्री पात्राबाहेर पडलेली, पूल बंद, मी नदीच्या या बाजूला आणि आई-नाना पलीकडे दांडिया बाजारात. पाणी आमच्या उंबऱ्यापर्यंत आलं नाही. पण येईल या धास्तीने धाकट्या भावाने एका रात्री नानांचा कॉम्प्युटर मुळापासून उपटला आणि माळ्यावर नेऊन ठेवला. मग लाईट परतली, रस्त्यात मगर दिसल्याचे व्हिडिओ येणं कमी झालं, तेव्हा शेजारच्या पटेलांच्या मुलाने सगळं पुन्हा खाली आणून दिलं. खोका, पडदा, प्रिंटर आणि जुन्या चादरीत बांधलेलं वायरींचं गाठोडं.

नानांना घाई होती. गणपती आठ-दहा दिवसांवर आलेले आणि गल्लीच्या वर्गणीची यादी छापायची राहिलेली. पूर आला म्हणून गणपती थांबतात का, असं ते आईला ऐकवत होते, आई ते मला ऐकवत होती. वायफाय बंद, मोबाइलचं नेटवर्क जेमतेम बोलण्यापुरतं. व्हिडिओ कॉल करून "दाखव बरं" म्हणायची सोय नव्हती. नानांचं मोतीबिंदूचं ऑपरेशन नुकतंच झालेलं, त्यामुळे वाकायला मनाई. उरली आई. तिने आयुष्यात कॉम्प्युटरची फक्त धूळ पुसली होती.

तेव्हा पहिला प्रश्न दाताचा. इंग्रजी डीसारखं निळं तोंड, दोन बाजूंना पिळायचे दोन स्क्रू, आत तीन ओळींत टाचण्या. म्हणजे व्हीजीए, पडद्याची वायर. जागा पंधरा टाचण्यांची, पण पुष्कळशा वायरींत मधल्या ओळीतली नववी टाचणी मुद्दामच बसवलेली नसते. मी म्हटलं, "आई, तो दात पडलेला नाही, कधी आलाच नव्हता." तिचा विश्वास बसला नाही. १९८७ साली आयबीएमने हे तोंड काढलं आणि पुढची वीस-पंचवीस वर्षं जगातले बहुतेक पडदे त्याने पोसले, हे मी सांगायला गेलो, तर ती म्हणाली, "असेल, पण बोळकंच ते." आणि एकदम बसवून मोकळी झाली. डीचा एक काठ लांब, एक आखूड. चुकीच्या बाजूने ते जातच नाही. व्हीजीएचं हे मला फार आवडतं. त्याला बसवणाऱ्याच्या शिक्षणाची गरज नाही.

"आता मला एक बेलाचं पान सापडलंय," ती म्हणाली.

श्रावण चालू होता, देवघरात बेल असणारच, म्हणून मी तिकडे लक्ष दिलं नाही. मग कळलं, पान वायरीच्या टोकाला आहे. तीन गोल पाकळ्या एकमेकींना चिकटलेल्या, प्रत्येकीत एक भोक. लॅपटॉपच्या अडॅप्टरला लागते ती वायर. बाहेरच्या देशांत लोक तिला मिकी माऊस म्हणतात, एक डोकं आणि दोन कान दिसतात म्हणून. मी इतकी वर्षं मिकी माऊसच म्हणत आलो आणि एकदाही माझ्या मनात बेल आला नाही, याची मला थोडी लाज वाटली. "ते बाजूला ठेव," मी म्हटलं. "त्याचं मागाहून बघू."

विजेच्या दोन जाड वायरी निघाल्या, अगदी जुळ्या. कुठली खोक्याची, कुठली पडद्याची? कुठलीही कुणालाही चालते, हे उत्तर तिला बेजबाबदार वाटलं. पण तिने लावल्या. भिंतीतल्या प्लगमध्ये घालताना तिने विचारलं की वरची पिन बाकी दोघींपेक्षा लांब का. ती अर्थिंगची, आधी आत जाते आणि बाहेर येताना सगळ्यांत शेवटी येते, म्हणजे वीज पोचायच्या आधी जमिनीशी नातं जुळलेलं असतं. "घरातल्या मोठ्या माणसासारखं," आई म्हणाली. मागून नानांनी काहीतरी पुटपुटलेलं ऐकू आलं.

खरी परीक्षा कीबोर्ड आणि माऊसची. नानांचा खोका त्या काळचा, ज्या काळात दोघांची तोंडं गोल असायची. आत सहा बारीक काड्या, मधे प्लास्टिकची एक पट्टी, दोन्ही हुबेहूब सारखी. फरक रंगाचा फक्त. जांभळ्यात कीबोर्ड, हिरव्यात माऊस. टेबलाखाली अंधार, आईच्या हातात टॉर्च, आणि तिला एकाऐवजी दोन हिरवे दिसत होते. "एक हिरवा आहे, एक पोपटी." पोपटी स्पीकरचा. शेजारचं गुलाबी माईकचं. म्हणजे ज्या माणसांनी जगभरच्या कॉम्प्युटरांसाठी रंग ठरवले, त्यांनी हिरवा आणि पोपटी हे दोन रंग दोन वेगळ्या कामांना दिले आणि टेबलाखालच्या अंधाराचा विचार केला नाही. साडी घेताना हिरवा आणि पोपटी यांत अर्धा तास घालवणारी बाई होती म्हणून निभावलं. मी असतो तर माऊसची वायर कीबोर्डात घालून काड्या वाकवल्या असत्या. एकदा वाकवल्याही आहेत. तेव्हा पिना सरळ करायला आईचाच केसांचा चिमटा वापरला होता. ते तिला अजून माहीत नाही.

मग प्रिंटर. प्रिंटरची वायर म्हणजे दोन टोकांना दोन वेगळे स्वभाव. एक टोक चपटं, ते कॉम्प्युटरला. दुसरं चौकोनी, वरचे दोन कोपरे कापलेले, म्हणून लहान मुलाने काढलेल्या घरासारखं दिसणारं, ते प्रिंटरला. दोन्ही टोकं सारखी का नाहीत, तर कुणी हौसेने दोन कॉम्प्युटर एकमेकांना जोडू नयेत म्हणून. एकाने वीज आणि हुकूम द्यायचे, दुसऱ्याने घ्यायचे, हे टोकांच्या आकारातच लिहून ठेवलंय. घर प्रिंटरात सहज गेलं. चपटं टोक मात्र अडलं. आईने घातलं, जाईना. उलटं केलं, जाईना. पटेलांचा मुलगा दारातून ओरडला, "ऊंधुं छे, काकी!" तिने पुन्हा उलटं केलं आणि तेच आधीचं टोक आधीच्याच बाजूने मुकाट आत गेलं.

या चपट्या टोकाचा, म्हणजे यूएसबीचा, हा अनुभव आला नाही असा माणूस मला भेटलेला नाही. बाजू दोन, आणि लागतात तीन प्रयत्न. पण बडोद्यात राहून या गोष्टीवर जगासारखं मोकळेपणाने चिडता येत नाही. हा घोळ ज्यांच्या नावावर जातो ते अजय भट्ट आमच्याच महाराजा सयाजीराव विद्यापीठात शिकले, मग न्यूयॉर्कला गेले आणि पुढे इंटेलमध्ये त्यांनी यूएसबीच्या कामाचं नेतृत्व केलं. सात कंपन्यांनी मिळून ते मानक ठरवलं, पहिली आवृत्ती १९९६ सालची. कीबोर्डाला एक, प्रिंटरला दुसरं, मोडेमला तिसरं हा गोंधळ संपवून सगळ्यांना एकच दार द्यायचं, अशी ती कल्पना. दोन्ही बाजूंनी जाणारं टोक त्यांनाही सुचलं होतं, पण त्याला तारा आणि सर्किटं दुप्पट लागली असती, खर्च वाढला असता आणि इतक्या नव्या गोष्टीसाठी एवढे पैसे कुणी मोजले नसते, असं त्यांनी नंतर मुलाखतींत सांगितलंय. हे कारण मला फार ओळखीचं वाटतं. आमच्याकडे प्रत्येक वस्तू घेताना हेच कारण असतं. शिवाय ज्या प्रदेशात उत्तरायणाला घरोघरी उंधियू खातात आणि त्याचं नावच मडकं उलटं, म्हणजे ऊंधुं ठेवून शिजवण्यावरून पडलंय, तिथे शिकलेल्या माणसामुळे जगाला थोडं उलटसुलट करावं लागलं तर मी तरी तक्रार करणार नाही.

आईला मी दुसरी युक्ती सांगितली. "त्या टोकावर एक खूण कोरलेली असते. त्रिशूळ. तो वरच्या अंगाला ठेवायचा." टॉर्च धरून तिने पेनड्राइव्ह लावायच्या लांब वायरीवर खूण शोधली. "त्रिशूळ खरा," ती म्हणाली, "पण याच्या एका फाळाला गोळा आणि एकाला चौकोन आहे." श्रावणात बेल झाला, त्रिशूळ झाला. सूरसागर तळ्यातले महादेव घरापासून जवळच. आई मनातल्या मनात काहीतरी जुळवत होती, हे मला तिच्या गप्प बसण्यावरून कळत होतं.

त्या चपट्या टोकाच्या आत चार सोनेरी पट्ट्या असतात. कडेच्या दोन लांब, मधल्या दोन आखूड. लांब पट्ट्या विजेच्या, आखूड बोलण्याच्या. आत शिरताना आधी वीज जोडली जाते, मग संभाषण सुरू होतं. आल्या माणसाला आधी पाणी, मग चौकशी.

इथवर सगळं ठीक होतं. नेट मात्र लागेना. राउटरवर दिवे लागलेले, कॉम्प्युटर म्हणतोय वायर नाही. "वायर बसलीये," आई शपथेवर सांगत होती. टक् वाजलं का? नाही वाजलं. हलतेय का? जरा हलतेय. मग उजेड पडला. तिने टेलिफोनची वायर नेटच्या भोकात घातली होती. टेलिफोनचं टोक थोडं अरुंद, म्हणून ते तिथे जातं आणि डुलत राहतं. नेटच्या टोकात आठ तारा असतात, दोन-दोनच्या चार जोड्या, प्रत्येक जोडीला दोरीसारखा पीळ. तो पीळ शोभेचा नाही, शेजारच्या तारांची कुजबुज आपल्यात मिसळू नये म्हणून आहे, आणि ही युक्ती टेलिफोनवाल्या ग्रॅहम बेलच्या काळापासूनची. खरी वायर गाठोड्यात तळाशी होती. "टक्" मला फोनवर ऐकू आलं.

त्या दुपारी माझ्या स्वतःच्या टेबलावर तीन वायरी पडल्या होत्या, तिन्ही टाइप सी. २०१४ साली आलेलं हे टोक दोन्ही बाजूंनी जातं, भट्टांना तेव्हा न परवडलेली चैन. वर बारा, खाली बारा, चोवीस जोडण्या. २०२३मध्ये आयफोननेही ते घेतलं, आणि युरोपने तर २०२४च्या डिसेंबरपासून फोनांना ते कायद्याने लावलं. सगळ्यांना एकच दार हे स्वप्न एकदाचं पुरं झालं. पण माझ्या तीन वायरींपैकी एक फक्त चार्ज करते. दुसरी फोटो पाठवते, पण सन २००० मधल्या यूएसबीच्या वेगाने. लॅपटॉप टीव्हीला जोडायचा तर फक्त तिसरी चालते, आणि ती कुठली हे ओळखायला मी तिला बायकोचं लाल नेलपॉलिश लावलंय. तोंडाकडे बघून काही कळत नाही. दाखवण्यापुरत्या आत सगळ्या जातात. खरं सांगायचं तर मला तो पंधरा जागांचा आणि चौदा दातांचा बोळका जास्त प्रामाणिक वाटतो. आईला या तीन वायरी दिल्या असत्या तर आम्ही संध्याकाळपर्यंत बसलो असतो. कारण तिला वर्णन करण्यासारखं त्यांच्यात काहीच नाही. कॅप्सूल, कॅप्सूल आणि कॅप्सूल.

साडेचारला नानांचा आवाज आला. प्रिंटर करकरत होता. यादीचं पहिलं पान बाहेर पडलं आणि त्यात जोश्यांचं नाव दोनदा आलंय म्हणून ते लगेच चिडले, म्हणजे सगळं जागेवर आलं होतं. स्पीकर लावायचे राहिले होते. पोपटी भोक, आईने एका दमात लावले. त्यातून काही तरी भजन वाजलं.

"झालं ना सगळं?" मी विचारलं.

"झालं. चादर झटकून घडी घातली." ती थांबली. मागे प्रिंटर दुसरं पान ओढत होता. "पण अरे, ते बेलाचं पान तसंच उरलंय. ते कुठे वाहायचं?"