शेवटचं प्रकरण

माझं एक व्यसन आहे, नवरा त्याला 'चहाबिस्किटवाले खून' म्हणतो. रात्री ओटा पुसून झाला, दूध फ्रिजमध्ये गेलं, की पांघरूण गळ्यापर्यंत ओढायचं आणि इंग्लंडच्या नाहीतर अमेरिकेच्या कुठल्यातरी टिचभर समुद्रकाठच्या गावात जाऊन पडायचं, जिथे एक बेकरी असते, एक चर्च, एक पोस्ट, एक भोचक बाई आणि सकाळी किनाऱ्यावर कुत्रं फिरवायला गेलेल्या माणसाला सापडलेलं एक प्रेत. प्रेत असलं तरी घाबरायचं काही नसतं हं. रक्तबिक्त दाखवत नाहीत, मेलेला माणूस बहुतेक वेळा सगळ्या गावाच्याच डोक्यात गेलेला असतो, आणि कुत्र्यामांजराला तर सहसा धक्काही लागत नाही. अमेरिकन पुस्तक असेल तर कधीकधी मागे केकची रेसिपीपण मिळते. मी एक करून बघितला, लिंबाचा. खून बरा होता.

तर समुद्रकाठच का, असा मी उगाच विचार करत बसते. एक म्हणजे सीझन. अशा गावात अर्धी माणसं तीन पिढ्या एकमेकांना ओळखणारी आणि अर्धी शनिवारी बॅग घेऊन उतरलेली, त्यामुळे गावाला संशय घ्यायला बाहेरचा माणूस आयता मिळतो आणि वाचणाऱ्याला माहीत असतं की हा नसणार. दुसरं म्हणजे भरती. भरती म्हणजे दार आहे, ते आपोआप उघडतं आणि आपोआप लागतं, कुणाच्या बापाचं ऐकत नाही. इंग्लंडच्या डेव्हनमध्ये बर्ग आयलंड म्हणून एक छोटं बेट आहे, ओहोटीला वाळूतून चालत जाता येतं, भरतीला वाट बुडते आणि मग माणसं ने-आण करायला उंच चाकांवरचा एक ट्रॅक्टर चालतो, वर बसायला बाकडी, खालून लाटा. रहस्यकथा लिहिणाऱ्या ॲगाथा ख्रिस्तीबाई तिथल्या हॉटेलात राहायच्या आणि १९३९ आणि १९४१ सालच्या त्यांच्या दोन पुस्तकांतली बेटं त्यावरूनच सुचलेली. बाईंचा जन्मच समुद्रकाठचा, टॉर्की, १८९०. पहिल्या महायुद्धात त्या तिथल्याच हॉस्पिटलात आधी नर्सचं काम करत होत्या, मग औषधं तयार करायच्या खोलीत गेल्या, विषांची सगळी माहिती तिथली. आणि त्यांचा डिटेक्टिव्ह पॉयरो बेल्जियन का, तर तेव्हा टॉर्कीला बेल्जियमचे निर्वासित येऊन राहिले होते. घराबाहेर पडून चार पावलं चाललं की पात्रं, असा कारभार.

अमेरिकेतलं असलं सगळ्यात प्रसिद्ध गाव म्हणजे कॅबट कोव्ह, मेन राज्यातलं मच्छीमार गाव, अर्थात काल्पनिक. 'मर्डर, शी रोट' ही मालिका १९८४ ते १९९६, बारा सीझन, २६४ भाग. नायिका जेसिका फ्लेचर, विधवा, शाळेत इंग्रजी शिकवलेली, रहस्यकथा लिहिणारी, गाडी चालवत नाही, सायकलवरून सगळीकडे. गावाची वस्ती साडेतीन हजाराच्या आसपास आणि दर थोड्या दिवसांनी एक मुडदा, मग लेखकांनाच वाटलं असावं की हे गाव आता रिकामं होणार, म्हणून बाईंना अधूनमधून भाचेकंपनीकडे पाठवायचे आणि तिकडे कुणीतरी मरायचं. मला असा पाहुणा आला तर मी कुलूप लावून गावाला जाईन. गंमत म्हणजे कॅबट कोव्हचं बाहेरचं शूटिंग मेंडोसिनोला व्हायचं, म्हणजे कॅलिफोर्नियात, म्हणजे पूर्व किनाऱ्याचं गाव पश्चिम किनाऱ्यावर उभं केलेलं. सूर्य चुकीच्या बाजूला बुडणार की हो! रत्नागिरी म्हणून पुद्दुचेरी दाखवावं तसं. जेसिका झालेल्या अँजेला लान्सबरीला या भूमिकेसाठी बारा वेळा एमीचं, म्हणजे टीव्हीच्या मोठ्या पुरस्काराचं, नामांकन मिळालं आणि एकदाही एमी मिळाली नाही, हा मला त्या २६४ भागांतला सगळ्यात मोठा गुन्हा वाटतो.

पण माझी खरी म्हणजे मिस मार्पल, ख्रिस्तीबाईंची म्हातारी डिटेक्टिव्ह. तिचं स्वतःचं गाव समुद्राकाठी नाही, पण म्हातारीला अधूनमधून हवापालट लागतो. 'स्लीपिंग मर्डर'मध्ये तिला डिलमथ नावाच्या समुद्रकाठच्या गावी जायचं असतं तर ती डॉक्टरकडे जाते आणि असं काही बोलते की समुद्राची हवा घ्या हा सल्ला डॉक्टरकडूनच मिळतो. हे वाचून मी मोठ्याने हसले होते, कारण आमच्याकडच्या सगळ्या बायकांना माहेरपण असंच मिळालेलं आहे. आणि शेवटी खुनी अंगावर धावून येतो तेव्हा ही काय वापरते, तर गुलाबावरचा मावा मारायला साबणाच्या पाण्याने भरलेली पिचकारी! खुनी कोण ते सांगत नाही, वाचा. ख्रिस्तीबाईंनी आपल्या आजीबद्दल लिहिलंय की ती प्रत्येकाबद्दल वाईटातलं वाईट गृहीत धरायची आणि भीती वाटावी इतक्या वेळा तिचं खरं निघायचं. मिस मार्पलमध्ये ती आजी उतरलीय, आणि ते वाचलं तेव्हा मला माझी आक्कामावशी दिसली, नऊवारीत, मांडीवर सूप घेऊन.

आक्कामावशी म्हणजे आईची थोरली बहीण. लग्न केलं नाही, आजोळीच राहिली, देवगडच्या बाजूला, खाडीच्या काठी. आमची वाडी अशा जागी आहे की तीन बाजूंना खाडी आणि चौथ्या बाजूला पऱ्ह्या म्हणजे ओढा, त्यावर लाकडी साकव, चालत जायचा पूल. घरं तीनच. आमचं, काकूंचं आणि भटजींचं. बाकी सगळं गाव साकवापलीकडे.

मी नऊ-दहा वर्षांची असताना एका मे महिन्यात काकूंचा तांब्याचा हंडा गेला. लहानसहान नाही, त्यांच्या सासूच्या लग्नातला, दोन माणसांनी उचलायचा. त्या रात्री त्यांची गाय व्यायला झाली होती, काकू दहाला आडव्या झाल्या तेव्हा हंडा मागच्या दारी होता आणि दीडला गायीसाठी पाणी तापवायला उठल्या तर नाही. सकाळी आमच्या पडवीत सगळे जमले. भटजींकडचं कुणी नव्हतं, ते आदल्या दिवशीच घर बंद करून कणकवलीला मुंजीला गेले होते. मोठे मामा म्हणाले हे पलीकडच्या पोरांचं काम. कुणीतरी कल्हईवाल्याचं नाव घेतलं, तो आदल्या आठवड्यात येऊन गेला होता, म्हणजे आलाच तो बाहेरचा माणूस! धाकटा मामा तेवढा म्हणाला की पोलिसात कशाला जायचं, मिळेल. आक्कामावशी तांदूळ निवडत होती, मान वर न करता तिने एवढंच विचारलं, "काल पुनव ना गो?" आजी हो म्हणाली. मावशी पुढे काहीच बोलली नाही, सूप भिंतीला टेकवून आत गेली.

त्या दिवशी आम्हा पोरांना एकच ताकीद मिळाली, की खळ्यात पालथ्या घातलेल्या होडीजवळ खेळायचं नाही, खाली जनावर, म्हणजे साप, शिरलंय. वाडीतली ती एकच होडी, पावसाआधी तेल द्यायला वर काढलेली, आणि तिच्याखाली आमचं घर-घर चालायचं, त्यामुळे फार राग आला होता. तिसऱ्या दिवशी सकाळी हंडा काकूंच्या विहिरीच्या काठावर होता. चिंचेने घासलेला, असा लखलखीत की काकू म्हणाल्या, जाताना काळा होता, येताना नवरी होऊन आला. कुणी कुणाला काही विचारलं नाही. काकूंनी खरवस पाठवला, आमच्याकडून घावणे गेले, संपलं. मला विशेष करून आठवतं कारण त्या दिवशी मला चिंचेची गोळी चघळायची होती आणि चिंचेची बरणी रिकामी होती.

मी मोठी झाल्यावर मावशीला कितीदा विचारलं की हंडा कुणी नेला होता. दरवेळी एकच उत्तर, "माका काय खबर?"

रोनल्ड नॉक्स म्हणून एक धर्मगुरू होते, स्वतः रहस्यकथा लिहायचे, त्यांनी १९२९ मध्ये अशा कथांसाठी दहा नियम काढले. गुप्त भुयार एकापेक्षा जास्त नको, वगैरे. त्यातला एक नियम असा की डिटेक्टिव्हला जे धागेदोरे सापडतील ते वाचकाला तिथल्या तिथे दाखवायचे, लपवायचे नाहीत. मी पण लपवलेलं नाहीये बरं का, फक्त मला स्वतःला दिसायला पस्तीस वर्षं लागली.

गेल्या मे महिन्यात आजोळी गेले होते. मावशी आता ऐंशी पार, नजर अधू, कान मात्र खाडीपलीकडचं ऐकतात. दुपारी झोप येईना म्हणून मी तिला हातातलं पुस्तक सांगायला लागले, मालवणीत जमेल तसं. निम्म्यावर आले तर म्हणाली तो वकील बघ, सारखा सगळ्यांना मदत करतोय, आणि तोच निघाला होता, मी शेवट आधी वाचते म्हणून मला माहीत होतं. मग मी शेवट सांगितला, की ती बाई सगळ्यांना दिवाणखान्यात बोलावते, चहा देते आणि एकेकाचं उघडं पाडत पाडत शेवटी खुन्याकडे बोट दाखवते. मावशीने पंखा हलवायचा थांबवला.

"सगळ्यांसमोर सांगल्यान?"

म्हटलं हो, तीच तर मजा.

"मगे उद्या ताक मागूक ती खंयच्या तोंडान जातली?"

मला याच्यावर काही बोलता येईना. असली गावं आपल्याकडे किनाऱ्याला रांगेने आहेत, प्रत्येक वाडीत एक तरी आक्कामावशी आहे जिला सगळं कळतं, आणि तरी आपल्याकडे असली पुस्तकं का नाहीत असं मला नेहमी वाटायचं. बाबुराव अर्नाळकरांनी हजारावर रहस्यकथा लिहिल्या, पण त्यांचे झुंजार आणि काळापहाड म्हणजे धाडसी गडी, सूप घेऊन बसणारी बाई नव्हे. तर कारण हे होतं. तपास आपल्याकडे होतो, अगदी फर्स्टक्लास होतो, फक्त शेवटचं प्रकरण लिहायचं नसतं. ते ज्याला कळायचं त्याला चुलीपाशी हळूच कळवायचं आणि हंडा घासून परत ठेवायचा.

मग मी विषय बदलायचा म्हणून तिला ते बर्ग आयलंड सांगितलं, भरतीला वाट कशी बुडते, ट्रॅक्टर कसा चालतो. तिला ट्रॅक्टर फार आवडला. आणि सांगता सांगताच मी थांबले. तिथीची पाऊणपट केली की भरतीची वेळ, हे मला तिनेच शिकवलेलं. पंधरा पाऊण सव्वाअकरा, पुनवेला भरती रात्री बाराच्या आसपास, आणि वर उधाण, साकवावर कमरेएवढं पाणी. दहा ते दीड. पलीकडून कोण येणार? आणि आलाच तर दोन माणसांचा हंडा घेऊन जाणार कसा, वाडीतली एकुलती होडी तर आमच्या खळ्यात पालथी होती. मी बोटांवर घरं मोजली. काकूंचं एक. भटजींचं बंद.

मावशी माझ्या बोटांकडे बघत होती. मी म्हटलं, मावशी, त्या होडीखाली खरंच जनावर होतं का गं?

ती गुडघ्यावर हात ठेवून उठली. "चाय टाकतंय मी," म्हणाली, "तू बस मेजत."