आमची वाटचाल: चहाचं आधण आणि पंधरा फुटी नवार

२०११ साली कोथरूडमध्ये स्कूटीवर कुत्र्यांना घरोघरी जाऊन शिकवायचं काम सुरू केलं. डिकीत क्लिकर (कुत्र्याने बरोबर केलं की ‘टक्’ वाजवायची डबी), उकडलेल्या चिकनचा डबा आणि पंधरा फुटी लांब पट्टा. पट्टा घरीच शिवलेला. बोहरी आळीतून सुती नवार आणली आणि टोकाला पितळी हूक लावला. नवारच घ्या. कुत्र्याने हिसका दिला की नायलॉन तळहात सोलून काढतं.

पहिली काही वर्षं बरी गेली. मग आमच्याच भागात एकाने बोर्डिंग काढलं. ‘एकवीस दिवस कुत्रा आमच्याकडे सोडा, शिकवून देतो.’ हिंजवडीला सकाळी सातला निघून रात्री नऊला परतणाऱ्यांना ते पटलं, त्यांना तरी काय बोलणार? पण ‘तो चिकन चारून कुत्री लालची करतो’ असं माझ्याबद्दल सोसायट्यांमधून सांगितलं गेलं, ते मी विसरलेलो नाही. चौदा घरांची तीन झाली. दीड वर्ष घर बायकोच्या शिकवण्यांवर चाललं.

तिकडे शॉकचा पट्टा वापरत, आधी ‘बीप’ वाजून मग गळ्याला विजेचा झटका देणारा. परत आलेली कुत्री त्यांच्या आवारात ऐकत, घरी नाही. ऐकणार कशी? एका जागी शिकलेलं कुत्रं दुसऱ्या जागी आपोआप करत नाही, तिथे पुन्हा शिकवावं लागतं. एक बीगल तर मायक्रोवेव्ह वाजला तरी पलंगाखाली शिरायचा. त्याला बाहेर काढायला मलाच बोलावलं. चार महिने लागले.

उरलेल्या तिनांत एक नर्सताई होत्या. बारा तासांची ड्यूटी, अकरावा मजला, दांडगा लॅब, म्हणजे लॅब्राडोर. म्हणाल्या, “दादा, माझ्याकडे अर्धा तास नाही. असला तर झोपेन.” मी एक सकाळ त्यांच्या स्वयंपाकघरात नुसता बसून राहिलो. चहाचं आधण उकळेपर्यंत त्या ओट्यापाशी उभ्याच असत. ‘बस’ आणि ‘थांब’ तिथे बसवलं. लिफ्ट येईपर्यंत ‘पायाशी’. बूट घालताना ‘जागेवर’. सगळं मिळून दिवसाला दहा मिनिटं. खाऊसाठी वेगळं काही आणलं नाही; सकाळच्या ड्राय फूडमधलीच मूठभर खिशात. आज माझी सगळी पद्धत त्या ओट्यावरून आलेली आहे.

आणि एक सांगतो. घरात शब्द एकच ठेवा. आजोबा ‘बैठ’, मुलगी ‘सिट’, तुम्ही ‘बस’, मग कुत्र्याने ऐकायचं कुणाचं? खाऊ बसल्याबसल्या, लगेच तोंडात. डबा शोधेपर्यंत ते उठलेलं असतं, आणि मग बक्षीस उठण्याचं होतं.

लॅब गेल्या पावसाळ्यात गेला. दिवाळीनंतर ताईंनी गेटपाशी सापडलेलं गावठी पिल्लू घरी आणलं. शिकवायला नाही, नुसतं बघायला या म्हणाल्या. मी सवयीने नवार घेऊन गेलो. आधण ठेवलेलं होतं, आणि पिल्लू ओट्याखाली बसून ताईंच्या खिशाकडे बघत होतं.