फालेझ: तांब्याच्या घराण्यातल्या अश्वप्रेमीचं घर

न्यूयॉर्कच्या पेन स्टेशनहून लाँग आयलंड रेल रोडची गाडी धरायची आणि शेवटच्या स्टेशनला, पोर्ट वॉशिंग्टनला उतरायचं. तिथून सँड्स पॉइंट टॅक्सीने जवळच. गर्द झाडीतून आत गेलं की फरसबंदीचा चौक लागतो आणि समोर फ्रान्सच्या नॉर्मंडीतून उचलून आणल्यासारखा वाडा: गोल बुरूज, उतरती छपरं, जुन्या विटांच्या भिंती. मागे गच्चीवर गेलं की कड्याखाली लाँग आयलंड साउंडचं पाणी. हेच फालेझ, हॅरी गुगेनहाइम यांचं घर.

इथे येणारे बहुतेक लोक विमानांच्या इतिहासासाठी येतात. विमानाने एकट्याने अटलांटिक ओलांडल्यावर १९२७ मध्ये चार्ल्स लिंडबर्ग इथे राहिला होता, रॉकेटवाल्या रॉबर्ट गॉडर्डलाही गुगेनहाइम घराण्यानेच पैसा पुरवला. मी मात्र मुंबईच्या महालक्ष्मी रेसकोर्सवर, शर्यतीआधी घोडे फिरवतात त्या पॅडॉकच्या कठड्याला टेकून घोडे बघत मोठा झालो. मला या घरात घोडेच शोधायचे होते.

गुगेनहाइम म्हणजे खाणी आणि धातू गाळण्याच्या भट्ट्या. हॅरीने तरुणपणी मेक्सिकोत धातूच्या धंद्याचे धडे गिरवले, पुढे चिली कॉपर कंपनीचा कारभार पाहिला. चिलीतली चुकिकामाटा ही तांब्याची अजस्र खाण १९२३ मध्ये घराण्याने अ‍ॅनाकोंडा कंपनीला सात कोटी डॉलरला विकायची ठरवली, तेव्हा तो आणि त्याचा चुलतभाऊ एडमंड विरोधात उभे राहिले. ऐकलं गेलं नाही, तसे दोघे धंद्यातून बाहेर पडले. फालेझ त्याच सुमाराला उभं राहत होतं. वडिलांनी लग्नाच्या भेटीदाखल दिलेल्या जमिनीवर.

घोड्यांच्या बाबतीतही त्याचा पिंड खाणवाल्याचाच राहिला, असं मला वाटतं. चांगल्या रक्ताचा साठा हाती ठेवायचा आणि फळासाठी थांबायचं. त्याच्या तबेल्याचं नाव केन हॉय. दक्षिण कॅरोलायनातल्या त्याच्या मळ्यावरून ठेवलेलं. १९५३ च्या केंटकी डर्बीत, म्हणजे अमेरिकेतल्या सर्वांत नावाजलेल्या शर्यतीत, त्याच्या डार्क स्टारने नेटिव्ह डान्सरला घोड्याच्या मानेच्या लांबीहूनही कमी फरकाने हरवलं. नेटिव्ह डान्सर आयुष्यात २२ शर्यती धावला आणि एवढी एकच हरला! पण डार्क स्टार लिलावात ६,५०० डॉलरला विकत घेतलेला, त्याच्या पैदाशीतला नव्हे.

त्याची खरी कमाई नसरुल्लाच्या पिलांमध्ये आहे. हा नसरुल्ला आगाखान तिसरे यांच्या पैदाशीचा. पुण्याचा आगाखान पॅलेस बांधणारे, तेच. विलक्षण वेगवान आणि तितकाच लहरी घोडा. पुढे तो केंटकीला गेला. त्याच्यापासून हॅरीने बाल्ड ईगल मिळवला. इंग्लंडमध्ये त्याचं जमलं नाही, म्हणून अमेरिकेत परत आणला आणि त्याने वॉशिंग्टन डी. सी. इंटरनॅशनल ही शर्यत १९५९ आणि १९६० अशी लागोपाठ जिंकली. आणि लालून या केंटकी ओक्स ही घोड्यांची नव्हे, घोड्यांतल्या माद्यांची शर्यत जिंकलेल्या घोडीपासून नेव्हर बेंड. दोन वर्षांचा असताना तो अमेरिकेतला त्या वयाचा सर्वोत्तम घोडा ठरला. १९६३ च्या डर्बीत मात्र दुसरा आला.

स्वतःच्या पैदाशीचा केंटकी डर्बी विजेता हॅरीला मिळाला नाही. गच्चीवर उभा असताना हे मला फार लागलं. जानेवारी १९७१ मध्ये तो गेला, आणि त्याच वर्षी जूनमध्ये नेव्हर बेंडचा मुलगा मिल रीफ इंग्लंडमधली एप्समची डर्बी जिंकला, शरदात पॅरिसची आर्क ही मोठी शर्यतही. मिल रीफ पॉल मेलन यांचा. पण बाप केन हॉयचा. तिकडे अमेरिकेत हॅरीच्याच पैदाशीचा अ‍ॅक अ‍ॅक नव्या मालकाच्या नावावर धावून १९७१ चा ‘हॉर्स ऑफ द इयर’ ठरला. ज्या माणसाने इतकी वर्षं वाट पाहिली, त्याला हे वर्ष बघायला मिळायला हवं होतं.

फालेझ त्याने मृत्युपत्रात नसॉ काउंटीला दिलं, म्हणून आज आपल्याला आत जाता येतं. घर फक्त मार्गदर्शकाबरोबर आणि ठरावीक मोसमातच दाखवतात, तेव्हा निघण्याआधी वेळा बघून घ्या. आणि लिंडबर्गची गोष्ट संपली की मार्गदर्शकाला घोड्यांबद्दल जरूर विचारा.