गॅलिसियाची डफली आणि तुळजापूरचा संबळ

स्पेनच्या वायव्येकडील गॅलिसिया प्रांतातल्या कातोइरा गावचा अलेहांद्रो गुइयान 'बाइउका' या नावाने इलेक्ट्रॉनिक संगीत करतो, आणि त्याचा २०२१ चा 'एम्ब्रुशो' हा अल्बम तिथल्या चेटकिणींच्या व मंत्रतंत्राच्या लोकश्रद्धांवर उभा आहे. गावोगावच्या बायकांनी झांजांची डफली वाजवत पिढ्यानपिढ्या जपलेल्या गाण्यांना तो सिंथेसायझरचा खर्ज देतो. तिथला मुइन्येइरा हा नाच ६/८ च्या, म्हणजे सहा मात्रांच्या डुलत्या लयीत चालतो. क्लबमधल्या सरळ चार ठोक्यांशी अशा लयीची होणारी ओढाताण मला सर्वांत मोलाची वाटते. मेणबत्त्या घेऊन रात्री फिरणारी मृतात्म्यांची मिरवणूक, जिच्या पुढे क्रूस धरून एका जिवंत माणसाला चालावे लागते, ही तिथली दंतकथाही अंधाऱ्या नृत्यगृहाला शोभणारीच आहे.

आमच्या लातूरकडे भवानीच्या गोंधळात संबळ, तुणतुणे आणि दिवटी यांच्या संगतीने रात्र जागते, परंतु डीजेशी संबळाची गाठ पडते ती बहुधा वरातीत, आणि तिथे तो केवळ चिकटवलेला तुकडा असतो (घरातल्या तरुणांना हे मत अजिबात मान्य नाही). गुइयान गाणाऱ्या-वाजवणाऱ्या स्त्रियांना मंचावर सोबत घेतो. आपल्याकडेही गोंधळ्याने कथेच्या ओघात लय चढवावी आणि यंत्राने त्याच्या मागून जावे, असा प्रयोग मला ऐकायचा आहे.