दोन श्रावणांच्या गावात

गेली तीन वर्षं मी एक जग रचतेय. त्याचं नाव दुवेणी. तिथे एकाच दरीतून काळाच्या दोन नद्या वाहतात. एका काठावरचा आजचा दिवस दुसऱ्या काठावर कधीच होऊन गेलेला असतो, नाहीतर यायचा असतो. कादंबरी निम्म्यावर आली आणि अडली. या दोन नद्या एकमेकींत मिसळतात तिथे राहणारी माणसं जगतात कशी, हेच मला सुचेना. तेवढ्यात उज्जैनच्या मावशीचा फोन आला, "शेवटच्या सवारीला ये." सवारी म्हणजे महाकाळाच्या पालखीची मिरवणूक. मी बॅग भरली.

दुवेणीचं बी लहानपणी ऐकलेल्या ककुद्मी राजाच्या गोष्टीत आहे. भागवताच्या नवव्या स्कंधात ती येते. मुलीसाठी, रेवतीसाठी, वर विचारायला तो तिला घेऊन ब्रह्मलोकी गेला. तिथे गाणं चाललं होतं म्हणून क्षणभर थांबला. तेवढ्यात इकडे पृथ्वीवर 27 चतुर्युगं उलटली. त्याने मनात योजलेले वर तर गेलेच, त्यांच्या नातवंडांची नावंसुद्धा कुणी घेत नव्हतं. ही गोष्ट मला अजूनही रडवते. पण तिच्यात काळ माणसांना तोडतो. मला शेजारी शेजारी नांदणारे काळ हवे होते.

ते मावशीच्या स्वयंपाकघरात भिंतीवर टांगलेले होते.

दोन खिळे, दोन कॅलेंडरं. एक आपलं मराठी, पुण्याहून मागवलेलं, शके 1947. दुसरं कोपऱ्यावरच्या दुकानातलं हिंदी, विक्रम संवत 2082. वर्षांत 135चं अंतर, ते एकवेळ सोडून देऊ. पण महिनाही वेगळा! आपल्याकडे श्रावण वद्य चालू होता, आणि हिंदी कॅलेंडरवर भाद्रपद लागून आठवडा झाला होता. आपला महिना अमावास्येला संपतो, त्यांचा पौर्णिमेला. त्यामुळे राखी पौर्णिमा आपल्या श्रावणाच्या मध्यावर येते, तर त्यांच्या श्रावणाचा तो शेवटचा दिवस. शेजारच्या काकू वाटी परत द्यायला आल्या आणि शाबुदाणा भिजलेला बघून म्हणाल्या, "दीदी, आपका सावन अभी बाकी है?" मावशी म्हणाली, "हमारा तो अभी हफ़्ताभर बाकी है।" दोघींना यात काही विशेष वाटलं नाही. मी मात्र हातातला चहा तसाच ठेवून दोन्ही कॅलेंडरं खाली उतरवली आणि जमिनीवर शेजारी शेजारी मांडली.

तारखांवरून बोट फिरवत गेले तेव्हा उलगडलं. शुक्ल पक्षात दोन्हीकडे महिन्याचं नाव एकच असतं. वद्य पक्ष लागला की नावं फुटतात: आपला श्रावण, त्यांचा भाद्रपद. पुन्हा शुक्ल प्रतिपदा आली की दोघे एका नावाखाली. पंधरा दिवस एकत्र, पंधरा दिवस वेगळे, आणि वेगळे असतानाही चंद्र एकच. गोकुळाष्टमी आपल्याला श्रावणातली, त्यांना भाद्रपदातली, पण कृष्ण जन्मतो त्याच रात्री. इतकी वर्षं पंचांग बघत आलेय, पण हे असं दिसलं नव्हतं.

दुसऱ्या दिवशी जंतरमंतरला गेले. सवाई जयसिंगाने बांधलेल्या पाच वेधशाळांपैकी ही एक. आभाळ भरलेलं होतं, पण पावणेबाराच्या सुमारास ऊन पडलं आणि सम्राट यंत्राच्या, म्हणजे तिथल्या मोठ्या सूर्यघड्याळाच्या, भिंतीची सावली वर्तुळपट्टीवर स्वच्छ उमटली. माझं घड्याळ सावलीच्या अर्धा तास पुढे होतं. आपली भारतीय वेळ 82.5 अंश रेखांशाची, उज्जैन जवळपास 75.8 वर. अंशाला चार मिनिटं धरली तर सत्तावीस मिनिटं होतात, उरलेली तीन-चार सूर्याच्या त्या ऋतूतल्या चालीची. म्हणजे उज्जैनच्या आभाळातली दुपार अजून व्हायची होती, आणि रस्त्यावरच्या शाळेची घंटा घड्याळाच्या हिशेबाने वाजत होती. जवळच नाडीवलय यंत्र आहे, त्याला दोन तोंडं. सूर्य विषुववृत्ताच्या उत्तरेला असतो ते सहा महिने उत्तरेकडचं तोंड वेळ सांगतं, उरलेले सहा महिने दक्षिणेकडचं. एक बोलत असताना दुसरं गप्प. त्याच्यासमोर मी बराच वेळ बसून राहिले. जवळच्या मनोऱ्यावर 2024मध्ये बसवलेलं वैदिक घड्याळ आहे, सूर्योदयापासून सूर्योदयापर्यंत 30 मुहूर्त मोजणारं. तिथे मात्र फार थांबले नाही, मन त्या दोन तोंडांपाशीच राहिलं होतं.

सोमवारी सवारी. घरात मावशीच्या सुनेने चौथ्या सोमवारची जवाची शिवामूठ वाहिली, मग आम्ही शेजारच्या काकूंना घेऊन निघालो. चार वाजता पालखी मंदिराबाहेर आली, पोलिसांनी मानवंदना दिली, आणि गर्दी गुदरी चौकातून रामघाटाकडे सरकू लागली. ढोल, झांजा, डमरू, पावसाची भुरभुर. ही सवारी त्यांच्या श्रावणाच्या पहिल्या सोमवारी सुरू होते आणि आपला श्रावण संपत येईपर्यंत चालते. दोन्ही श्रावण एकाच पालखीत मावतात! ग्वाल्हेरला जाण्याआधी शिंद्यांची राजधानी इथेच होती, आणि आजचं महाकाळाचं मंदिरही राणोजी शिंद्यांचे दिवाण रामचंद्रबाबा सुखटणकर यांनी उभारलं. मराठी माणसं इथे आली ती आपला महिना बरोबर घेऊनच. परतताना पालखी बायजाबाई शिंद्यांनी बांधलेल्या गोपाळ मंदिरापाशी थांबते. तिथे आम्ही कठड्याला धरून उभ्या होतो. पालखी आली तशी मावशीच्या सुनेने फुलं उधळली, श्रावणातल्या उपासाच्या पोटी. काकूंनी उधळली ती भादोंमध्ये, सकाळी पोटभर पोहे खाऊन. फुलं एकाच छत्रावर पडली.

रात्री मावशीने उपास सोडला. मी विचारलं, "इतकी वर्षं दोन महिने सांभाळताना गोंधळ होत नाही का गं?"

"कसला गोंधळ? त्यांचा सण आला की त्या पुऱ्या आणून देतात, आपला आला की मी पुरणपोळी नेते."

परतीच्या गाडीत वही उघडली. दोन नद्यांच्या संगमावर मी एक युद्ध लिहिलं होतं, चाळीस पानांचं. ते काढून टाकलं. आता दुवेणीत पंधरा दिवस पाणी एक असतं आणि पंधरा दिवस दोन, आणि संगमावरच्या म्हातारीच्या स्वयंपाकघरात भिंतीला दोन खिळे आहेत.