नववी ‘ब’ आणि फ्रेडी अडू

‘शाळेने मला काय दिले’ या विषयावर दोन-तीन पानं लिहून द्या, असा स्मरणिका समितीचा निरोप आला. संस्कार, शिस्त आणि शुद्धलेखन यांवर बाकीची मंडळी लिहितीलच. (माझ्या शुद्धलेखनावरून शाळेची परीक्षा कुणी करू नये, एवढीच विनंती.) मला शाळेने फ्रेडी अडू हा अमेरिकेचा फुटबॉलपटू दिला, तेव्हा मी त्याच्यावर लिहितो.

आजच्या आठवी-नववीतल्या पोरांना हे नाव सांगितलं, तर ‘कोण?’ म्हणून विचारतात. २००४ च्या सुरुवातीला आमच्या वर्गात मेस्सी कुणाला माहीत नव्हता आणि अडू सगळ्यांना माहीत होता. शाळेच्या वाचनालयात खेळाचं एक इंग्रजी साप्ताहिक यायचं. त्यातली क्रिकेटची पानं कोरी करकरीत राहायची आणि फुटबॉलची पानं ब्लेडने कापून कुणीतरी लंपास केलेली असायची. हे कोल्हापुरातच होऊ शकतं. तशाच एका कापलेल्या पानावर तो आमच्या वर्गात आला. वर्षभर मागच्या बाकाच्या कप्प्यात हातोहात फिरून त्याच्या घड्या फाटल्या, तेव्हा कुणीतरी त्याला मागून चिकटपट्टी लावली.

त्या पानावरची बातमी आमच्या डोक्यात मावत नव्हती. जन्म २ जून १९८९. म्हणजे आमच्यातल्या निम्म्या पोरांच्या सालचाच. आम्ही बीजगणिताच्या पेपरला घाबरत होतो आणि हा अमेरिकेच्या व्यावसायिक लीगमध्ये मोठ्या माणसांबरोबर खेळणार होता. वर्षाला पाच लाख डॉलरच्या घरात पगार आणि वर नायकीचा दहा लाखांचा करार. तेव्हा डॉलर पंचेचाळीस रुपयांच्या आसपास होता. आम्ही पगाराचे सव्वादोन कोटी काढले, उत्तर चुकलं असणार म्हणून पुन्हा गुणाकार केला, आणि पुन्हा तेच आलं.

त्याची गोष्टही तशीच होती. घानातल्या टेमा या बंदराच्या गावात जन्म. १९९७ मध्ये आईला ग्रीन कार्डची सोडत लागली आणि कुटुंब मेरीलँडला आलं. तिथे हा पोरगा शाळेच्या मैदानावर दिसला आणि बघणाऱ्यांची झोप उडाली. इटलीच्या इंटर मिलानने तो दहा वर्षांचा असतानाच विचारणा केली होती, पण आईने नको म्हटलं. त्या माउलीबद्दल मला आजही आदर आहे. २००३ साली फिनलंडमध्ये १७ वर्षांखालील विश्वचषक झाला. तिथे चौदा वर्षांच्या अडूने दक्षिण कोरियाविरुद्ध तीन गोल मारले, अमेरिका ६-१ ने जिंकली. तिथून पुढे सगळेच त्याला ‘नवा पेले’ म्हणू लागले. एका शीतपेयाच्या जाहिरातीत खुद्द पेले त्याच्या शेजारी उभा राहिला, मग विषयच संपला.

आमच्या वर्गातही एक डावखुरा होता. त्याचं नाव मी इथे लिहीत नाही, कारण लिहिलंस तर घरी येऊन बघतो, असा दम त्याने दिलाय. २००४ पासून त्याला सगळी शाळा फ्रेडीच म्हणते. शिनगार्ड घ्यायला पैसे नसत, म्हणून भूगोलाच्या वहीचे पुठ्ठे मोज्यात घालून खेळायचा. पावसात पुठ्ठा भिजला की दुसऱ्या हाफला नागव्या नडग्या. त्याचं एक वैशिष्ट्य होतं. चेंडू तळव्याखाली धरून तो थांबायचा. अगदी थांबायचा. समोरचा डिफेंडर चेंडूकडे बघत असे आणि हा डिफेंडरच्या पायांकडे. कुठल्या पायावर भार आहे ते कळलं की दुसऱ्या अंगाने निघून जायचा. शाळेच्या मैदानाला तेव्हा कुंपण नव्हतं. फक्कीच्या रेघेला लागून रिक्षावाले रिक्षा लावून उभे असत, ते हा थांबला की ओरडायचे, ‘अरं सोड की!’ आणि तो निघाला की तेच हॉर्न वाजवायचे.

ज्यांनी पेठांमधला फुटबॉल पाहिला नाही, त्यांना सांगतो. इथे पोरगं चांगलं खेळतंय हे आई-बापाच्या आधी तालमीला, म्हणजे पेठेचा फुटबॉल संघ चालवणाऱ्या मंडळाला, कळतं. नववीच्या वार्षिक परीक्षेआधी एका तालमीची मंडळी बुलेटवरून थेट शाळेत आली. त्यांना फ्रेडी यंदाच्याच हंगामात मोठ्यांच्या संघात हवा होता. शाहू स्टेडियम, चार वाजताची मॅच, भरलेली गॅलरी! आम्ही जिन्यात उभे राहून ऐकत होतो. आपले पी.टी.चे सर शांतपणे म्हणाले, ‘दहावी होऊ दे, मग न्या. आत्ता मोठ्यांच्यात घातला तर मार खाऊन खाऊन चेंडू लवकर सोडायला शिकंल. तेवढंच शिकंल.’

मंडळी चिडून गेली. आम्हीही चिडलो. अमेरिकेत चौदा वर्षांचा पोरगा चालतो आणि कोल्हापुरात चालत नाही, हा काय न्याय? वर्गातल्या एका धीट पोराने ते कापलेलं पान सरांच्या टेबलावर नेऊन ठेवलं. सरांनी चष्मा लावून फोटो पाहिला. म्हणाले, ‘पाय चांगले आहेत. पान कुणी कापलं?’

३ एप्रिल २००४. अडू वॉशिंग्टनच्या डी. सी. युनायटेडकडून बदली खेळाडू म्हणून मैदानात उतरला. दोन आठवड्यांनी त्याने पहिला गोल मारला. त्या लीगमध्ये गोल करणारा सर्वांत लहान वयाचा खेळाडू. त्याच वर्षी संघ विजेता झाला. पहिल्या वर्षात ३० सामने आणि ५ गोल. चौदा-पंधराव्या वर्षी हे आकडे वाईट तर नाहीतच, थक्क करणारे आहेत. पण जाहिराती पाच गोलांच्या नव्हत्या, पेलेच्या होत्या.

या सगळ्यामागचा हिशेब मला पुढे कॉलेजात गेल्यावर कळला. ती अमेरिकन लीग तेव्हा डबघाईला आली होती. २००१ च्या हंगामानंतर फ्लोरिडातले दोन संघ बंद करावे लागले, उरले दहा. लोकांना मैदानावर आणायला लीगला चेहरा पाहिजे होता आणि चौदा वर्षांच्या पोराइतका चांगला चेहरा कुठे मिळणार? खेळाडू निवडीत (संघ पाळीपाळीने नवे खेळाडू घेतात ती) पहिलं नाव त्याचं. घर मेरीलँडला, म्हणून तो जवळच्या वॉशिंग्टनलाच जाईल अशी तजवीजही झाली. परगावी सामना असला की तिथे त्याच्या नावावर तिकिटं खपायची. लीगचं काम झालं. पोराचं काय, हा प्रश्न प्रशिक्षकावर सोडला गेला.

प्रशिक्षक होते पीटर नोव्हाक, पोलंडचे, कडक. त्यांना सामने जिंकायचे होते. अडूला मधोमध चेंडू घेऊन खेळायचं होतं आणि ते त्याला कडेला लावायचे किंवा बाकावर बसवायचे. पुरेसं खेळवत नाहीत म्हणून तो पत्रकारांसमोर बोलला, तर २००५ मध्ये एका सामन्यापुरतं निलंबन झालं. सोळा वर्षांचं पोर ते! आमच्यातलं कुणी सोळाव्या वर्षी काय काय बोललं ते छापलं असतं, तर आज ही स्मरणिका कुणाला घरी नेता आली नसती.

शिवाय बरोबरीच्या पोरांत त्याला जो वेगाचा आणि अंगाचा फायदा होता, तो पंचवीस-तीस वर्षांच्या बाप्यांसमोर उरला नाही. उंची पाच फूट आठ इंचांच्या आसपास. दोन धक्के बसले की चेंडू लवकर सोडायचा. पुढे त्याचे सामने मी यूट्यूबवर बघितले, तेव्हा सरांचं वाक्य आठवून अंगावर काटा आला. चेंडू पायात आला की तो थांबतच नव्हता. मागे किंवा बाजूला देऊन मोकळा.

याच २००४ च्या निवडीत आठव्या क्रमांकावर टेक्सासचा एक वीस वर्षांचा कॉलेजचा पोरगा गेला होता, क्लिंट डेम्प्सी. त्याच्याबरोबर पेलेने काही जाहिरात केली नाही. तो पुढे तीन विश्वचषक खेळला, इंग्लंडमध्ये फुलहॅमचा लाडका झाला आणि अमेरिकेसाठी ५७ गोल मारून निवृत्त झाला. अडूची संपूर्ण आंतरराष्ट्रीय कारकीर्द १७ सामने आणि २ गोल. एकही विश्वचषक नाही.

तरी मधे मधे पोरगा चमकायचा, आणि आम्हाला तेवढं पुरायचं. दहावीनंतर आमची पांगापांग झाली, पण अडूची खबर ठेवणं सुटलं नाही. २००६ च्या शेवटी मँचेस्टर युनायटेडने त्याला सरावाला बोलावलं, तेव्हा सायबर कॅफेत तासाचे पैसे भरून मी ती बातमी वाचली. पुढे काही झालं नाही. २००७ मध्ये कॅनडात २० वर्षांखालील विश्वचषकात तो अमेरिकेचा कर्णधार होता. पोलंडला ६-१ ने धुतलं, त्यात त्याचे तीन गोल, आणि मग ब्राझीललाही हरवलं. मी फ्रेडीला (आपल्या) फोन लावून ओरडलो. त्याच महिन्यात पोर्तुगालच्या बेन्फिकाने वीस लाख डॉलर मोजून त्याला घेतलं. आता मात्र गाडी लागली असं वाटलं.

बेन्फिकात गेल्या गेल्या प्रशिक्षक बदलला. नव्या माणसाच्या डोक्यात वेगळा संघ होता. मग उसनवारी सुरू झाली, म्हणजे तात्पुरतं दुसऱ्या संघांकडे खेळायला पाठवणं. मोनॅको, तिथे एकही गोल नाही. बेलेनेन्सेस. ग्रीसमध्ये आरिस. तुर्कस्तानात रिझेस्पोर, तेही दुसऱ्या श्रेणीत. २०११ ला परत अमेरिकेत फिलाडेल्फिया, आणि तिथे पुन्हा तेच नोव्हाक! त्याच वर्षी गोल्ड कपच्या (उत्तर-मध्य अमेरिका आणि कॅरिबियन देशांच्या स्पर्धेच्या) अंतिम सामन्यात तो मेक्सिकोविरुद्ध पहिल्यापासून खेळला, अमेरिका ४-२ ने हरली, आणि देशाच्या मुख्य संघाची जर्सी त्याने परत कधी घातली नाही. वय २२. नंतर ब्राझील, सर्बिया, फिनलंड, फ्लोरिडा, लास वेगास. शेवटी २०२० मध्ये स्वीडनच्या तिसऱ्या श्रेणीतला एक संघ, तोही काही महिन्यांत सुटला.

पुढे मुलाखतींत तो स्वतःच सांगायचा, बाकीची पोरं माझ्यापेक्षा जास्त राबत होती, मी अंगच्या गुणांवर विसंबून राहिलो. खरंही असेल. पण हे त्याने सांगितलं म्हणून सगळा दोष त्याच्या पदरात टाकून मोकळं व्हावं, हे मला पटत नाही. सतरा-अठराव्या वर्षी खेळाडूला दर आठवड्याला नव्वद मिनिटं मैदान लागतं, चुका करायला जागा लागते, आणि चूक झाली की ती पेपरात न येण्याची सोय लागते. त्याला यातलं काही मिळालं नाही. मेस्सी बार्सिलोनाच्या अकादमीत चार वर्षं घासून सतराव्या वर्षी, ऑक्टोबर २००४ मध्ये, लीगच्या मैदानात उतरला. तोवर अडूचा अख्खा हंगाम होत आला होता.

आता वाचकांना वाटेल, की सरांनी आमच्या फ्रेडीला जपलं आणि तो मोठा खेळाडू झाला, असं मी सांगणार. तसं काही झालं नाही. दहावीला तो जिल्ह्याच्या १७ वर्षांखालील संघात आला, क्रीडा गुणही मिळाले. दहावीनंतर तालमीने नेला. दोन हंगाम गॅलरी त्याच्या नावाने घसा फोडत होती. बारावीच्या वर्षी गुडघ्याचा लिगामेंट गेला. ऑपरेशनला उशीर झाला, घरची परिस्थिती बेताची होती. परत आला तेव्हा वळताना पाय दुखायचा, म्हणून लेफ्ट बॅक, म्हणजे डावीकडचा बचावपटू, म्हणून खेळू लागला आणि बरीच वर्षं खेळला. सरांचा शब्द खरा की तालमीचा, याचा निकाल काही त्यातून लागला नाही. एवढं मात्र पाहिलं, की शेवटच्या हंगामापर्यंत तो चेंडू तळव्याखाली धरून थांबायचा. लेफ्ट बॅकला हे शोभत नाही. गोलकीपर शिव्या द्यायचा.

आज उद्यमनगरात त्याचं लेथचं वर्कशॉप आहे, हाताखाली चार माणसं आहेत. मध्यंतरी मी त्याला अडूची सगळी कहाणी सांगितली, जरा हळहळत. तो कॅलिपर लावून एक जॉब मोजत होता. मान वर न करता म्हणाला, ‘बेन्फिकाला खेळला का नाही? देशाकडनं सतरा मॅच खेळला का नाही? मग वाया कसा गेला मर्दा? वाया गेला म्हणणाऱ्यानं एक मॅच खेळून दाखवावी.’ नंतर त्याने मला चहा पाजला आणि विषय बदलून जीएसटीवर गेला.

२०१७ मध्ये १७ वर्षांखालील विश्वचषक भारतात झाला, आणि भारताच्या संघात आपल्या कोल्हापूरचा अनिकेत जाधव होता. गावाची छाती फुगली, आणि ती फुगायलाच हवी होती. पण तेव्हापासून पेठापेठांतून बारा-तेरा वर्षांच्या पोरांचे फ्लेक्स लागायला लागलेत. डोळ्यांवर गॉगल, मागे फायबरचा वाघ, खाली ‘कोल्हापूरचा मेस्सी’. गेल्या वर्षी आपल्या शाळेच्या फाटकासमोर एक लागला होता. ज्याचा होता तो पोरगा दोन दिवस मागच्या दाराने शाळेत येत होता, असं शिपाईमामा सांगतात.

शाळेच्या अमृतमहोत्सवी फुटबॉल स्पर्धेच्या समितीत मीही आहे. चौदा वर्षांखालील गटात कुणाही खेळाडूचा फ्लेक्स लावायचा नाही आणि मालिकावीराचं रोख बक्षीस ठेवायचं नाही, असं मी सुचवलंय. त्या पैशांत मैदानावर लाल माती टाकावी आणि सगळ्या पोरांना शिनगार्ड घ्यावेत. समितीत दोन तट पडलेत, प्रायोजक मंडळी नाराज आहेत, बैठक पुढच्या रविवारी आहे. फ्रेडीने गोलपोस्टचे पाइप फुकट वेल्ड करून द्यायचं कबूल केलंय. जाळ्यांचा खर्च मात्र आपल्याला करावा लागेल. २००५ च्या तुकडीतल्या ज्यांनी अजून वर्गणी दिली नाही, त्यांनी ती शाळेच्या ऑफिसात भरून पावती घ्यावी.