मोडलेल्या कानाचा नट
जुन्या फिल्मांची तपासणी आणि नोंदणी, हे माझं पुण्यातलं काम. डबा उघडायचा, व्हिनेगरसारखा वास येतोय का पाहायचं, रीळ टेबलावर हळूहळू फिरवत कुठे फाटलंय, कुठे जोड सुटलाय ते लिहायचं. भेटायला सहसा कोणी येत नाही. कोल्हापूरचे ते काका मात्र थेट टेबलापाशी आले.

सत्तरी ओलांडलेले. पिशवीतून त्यांनी फोटो काढला. तालमीतला गडी, लंगोट, मांडीवर हात, कुस्ती खेळून खेळून मोडलेला डावा कान. "ताई, ह्यो आमचा आज्जा. बाबूराव पेंटरांच्या कंपनीत होता. मावळा, पहारेकरी, राक्षस, सांगतील ते करायचा. मागं असायचा, पण असायचा! बोलपट आले आणि गड्यानं पुन्हा शेत धरलं."

त्या कंपनीचे 'सैरंध्री' आणि 'सिंहगड' हे मूकपट आता कुठेच नाहीत, हे त्यांना सांगणं मला फार जड गेलं. त्या काळची नायट्रेट फिल्म भुरकन पेट घेते, नाही पेटली तर कुजते. शिवाय १९३१ नंतर मूकपटांना गिऱ्हाईक उरलं नाही, तेव्हा कित्येक प्रती फिल्ममधली चांदी काढण्यासाठी विकल्या गेल्या. काकांना यातलं बरंच ठाऊक होतं. १९२० साली 'सैरंध्री' पहिल्यांदा लागला ते मंडईजवळचं आर्यन थिएटर शोधून ते सकाळीच आले होते. "तितं आता गाड्या लावत्यात," म्हणाले.

आमच्याकडे एका मूकपटाचा तुकडा होता. नाव नाही, मधल्या मजकुराच्या पाट्या गेलेल्या, कोणत्या कंपनीचा तेही कळत नाही. काकांना आशा लावावी की नाही, मला ठरवता येईना. शेवटी तो टेबलावर चढवला. एका फुटात सोळा चौकटी. त्या वेळच्या गतीने फूटभर फिल्म म्हणजे पडद्यावर जेमतेम सेकंद. किल्ल्याच्या दरवाजाशी भालेकरी उभे होते. भिंग लावलं. डावीकडून दुसरा, कान मोडलेला.

पुढे गावातल्या गर्दीत, डोक्याला मुंडासं बांधून, तोच कान. आणि शेवटच्या मारामारीत, आता शत्रूच्या बाजूने, पाठीवर पडताना पुन्हा तोच! एकाच चित्रपटात तीन माणसं. तिन्ही वेळा उभं राहण्याची ढब वेगळी. पहारेकरी ताठ, गावकरी खांदे पाडून, आणि पडताना पैलवान पडतो तसा नव्हे, घाबरलेला शिपाई पडतो तसा. पडद्यावर कोणी त्याच्याकडे बघणार नव्हतं, तरी त्याने हे केलं होतं. माझ्या मते हा खरा नट. एवढ्या वर्षांच्या कामातून त्याचे उरलेत जेमतेम चाळीस फूट.

काका भिंगातून बराच वेळ बघत राहिले. "आज्जाच हाय," म्हणाले. मला तसं म्हणता येत नव्हतं. कोल्हापूरच्या कुठल्याही तालमीत असे कान डझनाने मिळाले असते, आणि खात्री नसताना नोंदीत नाव घालणं म्हणजे दुसऱ्या कुणाचं तरी नाव कायमचं पुसणं. मी तसं स्पष्ट सांगितलं.

"नाव नगा लिहू," काका म्हणाले. "पर तीनदा आला, हे तेवढं लिवा."

तिन्ही जागा मी फूट-आकड्यांसह नोंदवल्या. फोटोची प्रत करून त्याच फाइलला जोडली आणि त्या काळातले बाकीचे बेनाम तुकडे तपासायला बाजूला काढले.